कुणाच्या कानाने?

लहानपणी घरातला टीव्ही चालू आहे की बंद, हे मला त्या खोलीत पाऊल टाकण्याआधीच कळत असे, आणि त्याचा आवाज पूर्ण बंद केलेला असला तरीही कळत असे. दाराबाहेरूनच एक अतिशय पातळ, सुईच्या टोकासारखी शीळ ऐकू यायची. ती कानात नव्हे, थेट कपाळात शिरते आहे असे वाटायचे. घरातल्या मोठ्या माणसांना ती अजिबात ऐकू येत नव्हती, त्यामुळे मी थापा मारतो असा सर्वांचा पक्का समज होता. शेवटी मामाने माझी परीक्षाच घेतली. मला पाठ करून दाराबाहेर उभे केले, टीव्हीचा आवाज शून्यावर नेला आणि कधी तो चालू करायचा, कधी बंद करायचा, तर कधी बटण नुसतेच दाबल्यासारखे करायचे, असा खेळ दहा वेळा केला. मी दहाही वेळा बरोबर सांगितले. पडद्याचा उजेड भिंतीवर पडत असणार, असे म्हणून मामाने विषय संपवला.

पुढे ध्वनीचे शिक्षण घेताना त्या शिळेचा उलगडा झाला. काचेच्या जुन्या पिक्चर ट्यूबवर चित्र ओळीओळीने रेखले जात असे. एका चित्राच्या ६२५ ओळी आणि सेकंदाला २५ चित्रे, म्हणजे सेकंदाला १५,६२५ ओळी. त्याच गतीने टीव्हीच्या आतला एक ट्रान्सफॉर्मर कंप पावत असे आणि १५,६२५ हर्ट्झची शीळ हवेत सोडत असे. कोवळा कान साधारण २०,००० हर्ट्झपर्यंतचे ऐकू शकतो. वय वाढते तशी ही वरची मर्यादा खाली येत जाते, आणि मध्यम वयातल्या बहुतेकांच्या कानांतून ती शीळ कधीच निसटून गेलेली असते. म्हणजे मी खोटे बोलत नव्हतो आणि मामाही खोटे बोलत नव्हता. एकाच घरात, एकाच वेळी ती शीळ होती आणि नव्हतीही. या गोष्टीचे मला तेव्हा नुसते नवल वाटले. तिच्यावर पुढे आपले पोट चालणार आहे, हे कळायला बरीच वर्षे जावी लागली.

मी साउंड डिझायनर आहे, असे सांगितले की समोरचा माणूस बहुतेक वेळा “म्हणजे संगीत देता का?” असे विचारतो. संगीत मी देत नाही. गाणी आणि पार्श्वसंगीत सोडून पडद्याच्या दिशेने जे जे कानावर येते, ते जमवणे, निवडणे, घडवणे आणि चित्राशी बसवणे हे माझे काम. त्यात चित्रीकरणाच्या वेळी मुद्रित झालेले किंवा मागाहून डब केलेले संवाद असतात, पावले आणि कपड्यांचे आवाज असतात, दारे, गाड्या, वादळे असतात, आणि प्रत्येक जागेचा स्वतःचा असा मागचा आवाज असतो, ज्याला आम्ही ॲम्बियन्स म्हणतो. असे शेकडो ट्रॅक एकमेकांत विरघळले की एक चित्रपट ऐकू येतो. कॅमेरा चालू होता तेव्हा हे सारे तिथे होतेच आणि ते आपोआप मुद्रित झाले, असे प्रेक्षकाला वाटते. त्याला तसे वाटावे यासाठीच सगळा खटाटोप असल्यामुळे त्याबद्दल तक्रार करायला जागा नाही.

हा हुद्दा फार जुना नाही. ध्वनिमुद्रक, ध्वनिसंकलक, मिक्सिंग करणारे, म्हणजे सगळे ट्रॅक तोलून एकत्र करणारे, अशी नावे बोलपटांच्या बरोबरीने आली. पण चित्रपटाच्या संपूर्ण ध्वनीमागे एकच विचार असावा आणि त्याची जबाबदारी एका माणसाने घ्यावी, ही कल्पना मागाहूनची. १९७९ साली ‘अपोकॅलिप्स नाऊ’च्या श्रेयनामावलीत वॉल्टर मर्च यांच्या नावाशी ध्वनीच्या संदर्भात ‘डिझाइन’ हा शब्द जोडला गेला, आणि त्यानंतर तो आमच्या धंद्यात रुळत गेला. त्या चित्रपटाची सुरुवात मी विद्यार्थ्यांना नेहमी डोळे मिटून ऐकायला सांगतो. हॉटेलच्या खोलीत एक सैनिक पलंगावर पडलेला आहे, छताला पंखा फिरतो आहे, आणि ऐकू येतात ती हेलिकॉप्टरची पाती. खोलीत हेलिकॉप्टर नाही. पंख्याला तसला आवाज नाही. त्या क्षणी खोलीत एखादा माइक ठेवला असता तर त्यात यातले काहीही मुद्रित झाले नसते. तरीही तो आवाज खोटा वाटत नाही, कारण तो खोलीचा आवाज नसून त्या माणसाच्या कानाचा आवाज आहे.

हे सगळे मी आता शहाणपणाने सांगतो आहे. सुरुवातीची काही वर्षे मला यातले काहीही ठाऊक नव्हते. या क्षेत्रात येणारा बहुतेक जण येतो तसाच मीही सहायक म्हणून आलो, आणि सहायकाचे काम म्हणजे फायलींना नावे देणे, क्लॅपच्या आवाजावरून चित्र आणि ध्वनी जुळवणे आणि संवाद साफ करणे. कलाकाराच्या छातीवर शर्टाच्या आत लावलेल्या लॅपल माइकला कापड घासते, त्याची खरखर काढायची. ओठ उघडताना होणारी ‘चट्’ काढायची. दूरवरच्या मोटारीचा हॉर्न दोन शब्दांच्या मधून अलगद कापून घ्यायचा. हे काम मी मन लावून करत असे, आणि मन लावून केलेल्या कामानेच माझी पहिली फजिती झाली. एका प्रसंगात नवरा बायकोला विचारतो, “तू काल कुठे होतीस?” आणि ती “घरीच” असे उत्तर देते. मी त्या ‘घरीच’च्या आधीचा श्वास मोठ्या सफाईने काढून टाकला. दुसऱ्या दिवशी संकलक बाईंनी तो प्रसंग पाहिला, पुन्हा पाहिला, आणि विचारले, “ही आता खरं का बोलायला लागली?” तिचा खोटेपणा शब्दात नव्हताच, तो त्या अर्धवट घेतलेल्या आणि मध्येच अडवलेल्या श्वासात होता. मी संवाद इतका स्वच्छ केला होता की त्यातली बाईच धुऊन निघाली होती. तो श्वास मी परत जागेवर बसवला, आणि तेव्हापासून कुणाचाही श्वास कापण्यापूर्वी मी थांबतो.

दुसरी फजिती रूम टोनची. प्रत्येक जागा रिकामी असतानाही काहीतरी आवाज करत असते, आणि संवादांचे तुकडे जोडताना मधल्या फटी भरायला नेमका त्याच जागेचा तो रिकामा आवाज लागतो. त्यासाठी चित्रीकरण आटोपल्यावर सगळ्यांना जागच्या जागी थांबवून अर्धा-एक मिनिट नुसती शांतता मुद्रित करायची असते. दमलेल्या साठ-सत्तर माणसांना “आता कुणी हलू नका” असे सांगण्याचे धैर्य नवख्या मुलात नसते. माझ्यात नव्हते. मग पुढे एका वाड्यातल्या प्रसंगासाठी मला संवादांच्या मधल्या पाव-पाव सेकंदांच्या फटींतून ती शांतता वेचून काढावी लागली, आणि त्या चिंध्यांची गोधडी शिवून तिच्यावर चार मिनिटांचा प्रसंग झोपवावा लागला. आठवडा गेला. त्यानंतर हातात माइक घेऊन उभ्या असलेल्या माणसासाठी मी कोणाशीही भांडायला तयार असतो.

पण ज्या दिवसापासून मी स्वतःला या कामातला समजू लागलो, तो दिवस मिक्सिंगच्या खोलीतला आहे. रेल्वे फलाटावरचा निरोपाचा प्रसंग होता. म्हातारा बाप मुलीला गाडीत बसवून द्यायला आला आहे. दोघांना एकमेकांशी बरेच काही बोलायचे आहे आणि दोघेही बॅग नीट ठेवली का, पाणी घेतले का, एवढेच बोलतात. त्या प्रसंगावर मी तीन आठवडे राबलो होतो. तीन वेगवेगळ्या स्थानकांवर रात्री-अपरात्री जाऊन मुद्रण केले होते, हमालांच्या हाका होत्या, उद्घोषणा होत्या, गाड्यांची चाके, पोरांचे रडणे, कुत्री, पत्र्याच्या छपराखाली घुमणारा गलका, सगळे मिळून सत्तरच्या वर ट्रॅक होते. मिक्सिंग करणारे गृहस्थ माझ्यापेक्षा वीस-बावीस वर्षांनी मोठे होते. त्यांनी तो प्रसंग एकदा शांतपणे ऐकला आणि म्हणाले, “छान आहे. अगदी स्थानकावर आल्यासारखं वाटतंय. पण अरे, हे सगळं ऐकतंय कोण?”

मला प्रश्न कळला नाही. प्रेक्षक, असे मी म्हणालो. त्यांनी मान हलवली आणि पडद्यावरच्या म्हाताऱ्याकडे बोट दाखवले. “गाडी सुटायला याच्याकडे दोन मिनिटं आहेत. दोन मिनिटांत याला कुत्रं ऐकू येईल का?” मग त्यांनी एकेक फेडर, म्हणजे ट्रॅकचा आवाज कमीजास्त करणारी सरकती कळ, खाली ओढायला सुरुवात केली, आणि तीन आठवड्यांची माझी मेहनत माझ्या डोळ्यांदेखत खाली जाऊ लागली. हमाल गेले, पोरे गेली, गलका दूरच्या एका अस्पष्ट थरापुरता उरला. ज्या क्षुल्लक गोष्टी मी कुठेतरी तळाशी टाकल्या होत्या, त्या मात्र त्यांनी वर आणल्या: मुलीच्या बॅगेची चेन, जी लावताना मध्येच अडकते, खिडकीच्या लोखंडी गजावर बापाच्या अंगठीचा होणारा ‘टिक्’, आणि ब्रेक सुटताना डब्याखालून येणारा हवेचा सुस्कारा, जो ऐकला की गाडी हलणार हे नेहमी प्रवास करणाऱ्याला कळते आणि बापालाही कळते. गाडी हलली, तिचा आवाज वाढत गेला आणि ओसरला. त्यानंतर त्यांनी मघाशी काढून घेतलेले स्थानक परत आणले, पण एकदम नाही. आधी नळातून गळणारे पाणी, मग दूरची एक हाक, मग कुणाच्या तरी चपला, आणि सर्वांत शेवटी माझे कुत्रे. म्हाताऱ्याचे कान जसे उघडत गेले तसे ते आवाज आले. कुत्रे भुंकले तेव्हा मला हुंदका आला, आणि तो मी खोकल्यात लपवला.

तेव्हापासून मी कुठलाही प्रसंग हातात घेतला की पहिला प्रश्न तोच असतो. दृश्यात काय काय दिसते आहे, याची यादी करणे सोपे आहे आणि ती यादी भरून काढणारे तयार आवाजांचे ग्रंथालय आता प्रत्येकाच्या हार्ड डिस्कवर असते. अवघड आहे ते कान कुणाचा, हे ठरवणे. तो पात्राचा असू शकतो, घराचा असू शकतो, कधी जे मेले आहे त्याचाही असू शकतो. एकाच प्रसंगात तो एकाकडून दुसऱ्याकडे जाऊ शकतो, आणि तो कोणत्या क्षणी जातो हे चुकले तर प्रेक्षकाला काय चुकले ते सांगता येत नाही, पण तो खुर्चीत चुळबुळ करू लागतो.

मराठी माणसाला हे समजावून सांगणे सोपे जावे, कारण आपल्या भाषेने हे काम आधीच करून ठेवले आहे. दिग्दर्शक म्हणतात, “इथे पाऊस हवा.” मी विचारतो, रिमझिम हवा की रिपरिप? मुद्रणयंत्राला या दोहोंत फारसा फरक सापडणार नाही. थेंबांचा आकार तोच, वेग तोच, डेसिबलही तेवढेच. पण रिमझिम ऐकणारा माणूस खिडकीशी निवांत बसलेला आहे आणि रिपरिप ऐकणाऱ्याला छत्री नसताना बाहेर पडायचे आहे. शब्द पावसाचा नसून ऐकणाऱ्याचा आहे. पाखरांची किलबिल असते आणि त्याच पाखरांचा, झोपमोड झालेल्याच्या कानी, कलकलाट होतो. रातकिडा किरकिर करतो आणि मूलही किरकिर करते, यात रातकिड्याचा दोष नाही. स्पॉटिंगला, म्हणजे दिग्दर्शकाबरोबर बसून कुठे काय ऐकू यावे हे ठरवण्याच्या बैठकीला, मी वहीत असेच शब्द टिपून ठेवतो. ‘पाऊस, मध्यम’ असे लिहिलेले असले तर दोन महिन्यांनी त्यावरून काही सुचत नाही. ‘रिपरिप, बाई वैतागलेली’ असे लिहिले असले की कुठला पाऊस काढायचा, तो पत्र्यावर पाडायचा की मातीवर, आणि तो संवादाच्या किती जवळ आणायचा, हे सारे त्या दोन शब्दांतून निघते.

एकदा कान ठरला की मग आवाज खरा आहे की बनवलेला, ही चिंता उरत नाही. किंबहुना आमच्या कामातला सर्वांत प्रामाणिक विभाग हाच सर्वांत जास्त बनवाबनवीचा आहे. त्याला फॉली म्हणतात. युनिव्हर्सल स्टुडिओतल्या जॅक फॉली यांनी बोलपटांच्या सुरुवातीच्या काळात, पडद्यावरचे चित्र पाहत पाहत पावले आणि हालचालींचे आवाज करण्याची रीत बसवली आणि त्यांचे आडनाव त्या कामालाच चिकटले. फॉलीची खोली बाहेरून पाहणाऱ्याला भंगाराची वखार वाटते. जमिनीत चौकोनी खड्डे केलेले असतात: एकात वाळू, एकात खडी, एकात फरशी, एकात लाकडी फळ्या. भिंतीशी बुटांची आणि चपलांची रांग, बिजागरी कुरकुरणारी एक दाराची चौकट, फुटके कुलूप, जुनी छत्री. कॉर्नफ्लोअर भरलेली कापडी पिशवी मुठीत दाबली की बर्फावर पाऊल पडते. कातडी हातमोज्यांची जोडी फडफडवली की पाखरू उडते. सेलरी या पालेभाजीचा देठ पिळून मोडला की पडद्यावर कुणाचे तरी हाड मोडते, आणि प्रेक्षक तोंड वाकडे करतो. खऱ्या हाडाने त्याने तेवढे केले नसते, कारण खरे हाड मोडण्याचा आवाज बहुतेकांनी ऐकलेला नसतो आणि जो ऐकलेला नसतो तो ओळखूही येत नाही.

पावलांबद्दल मात्र थोडे थांबून सांगावेसे वाटते. ज्यांच्याबरोबर मी सर्वांत जास्त काम केले, ते फॉली कलावंत चांगले आडव्या अंगाचे, मिशाळ गृहस्थ आहेत आणि स्त्रियांची पावले त्यांच्याइतकी सुरेख कुणीही काढत नाही. घर कायमचे सोडून जाणाऱ्या एका सुनेची पावले हवी होती: आतल्या खोलीपासून उंबऱ्यापर्यंत अकरा. चित्रात तिचे पाय दिसतही नव्हते, फक्त चेहरा. त्यांनी तो चेहरा चार-पाच वेळा पाहिला, पायांत पातळ तळाच्या चपला घातल्या आणि एका दमात अकरा पावले दिली. मी म्हणालो, चांगली आली. ते म्हणाले, “नाही. ही बाई बाजारात चालली आहे.” दुसऱ्या वेळी त्यांनी पहिली सहा पावले तशीच टाकली, सातव्याला टाच टेकवली, पण अंगाचा भार चवड्यावर आणायला किंचित उशीर केला, इतका किंचित की माझ्या पडद्यावर तो जेमतेम दोन फ्रेमचा, म्हणजे सेकंदाच्या बाराव्या हिश्श्याएवढा, निघाला. आठवे पाऊल मग थोडे घाईने आले. बस्स, एवढेच. सातव्या पावलावर सुनेने मागे वळून पाहण्याचा विचार केला होता आणि तो सोडून दिला होता, हे पटकथेत नव्हते, अभिनेत्रीच्या चेहऱ्यावरही नव्हते. दिग्दर्शकांना मिक्सिंगमध्ये तो प्रसंग ऐकून वाटले की तिने फार सुंदर काम केले आहे. आम्ही दोघे काही बोललो नाही.

असे अनेक आवाज अपघाताने हाती लागतात, पण ज्याचे कान उघडे असतात त्याच्याच हाती लागतात. १९७७ सालच्या ‘स्टार वॉर्स’मधल्या प्रकाशाच्या तलवारींचा आवाज बेन बर्ट यांनी जुन्या प्रोजेक्टरच्या मोटारीची घरघर आणि टीव्हीच्या पिक्चर ट्यूबजवळून नेताना नादुरुस्त वायरीच्या माइकने पकडलेला गुंजारव, या दोहोंतून घडवला. तलवार फिरवल्याचा आभास आणण्यासाठी त्यांनी तो आवाज स्पीकरवर लावला आणि त्याच्यासमोर माइक हलवत तो पुन्हा मुद्रित केला. नादुरुस्त वायरीतून येणारी भणभण हा आमच्या धंद्यात रोजचा वैताग. शंभरांतले नव्याण्णव जण तो ऐकून वायर बदलतील, आणि त्यांचे काही चुकले असे म्हणता येणार नाही.

शांततेबद्दल लोक फार कौतुकाने बोलतात, आणि तिच्याइतकी फसवी गोष्ट आमच्याकडे दुसरी नाही. टाइमलाइनवर सगळे ट्रॅक रिकामे ठेवले तर जे ऐकू येते त्याला प्रेक्षक शांतता म्हणत नाही. यंत्र बिघडले म्हणतो आणि मागे वळून प्रोजेक्टरच्या खिडकीकडे पाहतो. शांतता ऐकवायची तर आधी तिच्या जागी काहीतरी ठेवावे लागते. घरातला फ्रिज चालू आहे हे तो बंद पडेपर्यंत लक्षात येत नाही, आणि बंद पडला की अख्खे स्वयंपाकघर एकदम मोठे वाटू लागते. तेच करायचे. मृत्यूची बातमी येणार असेल तर तिच्या चार मिनिटे आधीपासून खोलीत एक पंखा सुरू करून ठेवायचा, तो हळूहळू इतका सवयीचा करायचा की कुणाच्या लक्षातही राहू नये, आणि नेमक्या शब्दावर तो काढून घ्यायचा. पडद्यावर पंखा फिरतच असतो. आजवर एकाही प्रेक्षकाने याबद्दल विचारलेले नाही.

या कामातले मोजमापही गमतीचे आहे. हवेत ध्वनी सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो आणि चित्रपटाच्या एका सेकंदाला २४ फ्रेम असतात. म्हणजे एका फ्रेमच्या काळात आवाज साधारण १४ मीटर पुढे सरकतो. मी महिनाभर बसून कानशिलात बसलेली चपराक एका फ्रेमपर्यंत अचूक जुळवली, तरी मोठ्या चित्रपटगृहातल्या शेवटच्या रांगेत ती दोन फ्रेम उशिरानेच पोचते. सुदैवाने त्यावाचून काही अडत नाही, कारण वीज आधी दिसते आणि गडगडाट मागून येतो, याची माणसाच्या मेंदूला पिढ्यान्‌पिढ्यांची सवय आहे. आवाज उशिरा आलेला तो खपवून घेतो. आधी आलेला मात्र त्याला मुळीच चालत नाही. मिक्सिंगच्या खोलीत पातळीही बांधलेली असते: पडद्यामागच्या प्रत्येक स्पीकरमधून ठरावीक चाचणीच्या आवाजाला ८५ डेसिबल मिळतील असे यंत्र लावले की आवाजाच्या मुख्य बटणाला कुणी हात लावायचा नाही. यामागे शहाणपण आहे, कारण मोठ्याने ऐकलेले सगळेच चांगले वाटते आणि दमलेला कान सतत आणखी मागत राहतो. हे सगळे जपून, दोन महिने खपून तयार केलेले काम पुढे कुणीतरी बसमध्ये बसून मोबाइलच्या चिमुकल्या स्पीकरवर ऐकणार आहे, याची मी स्वतःला अधूनमधून आठवण करून देतो. त्या स्पीकरमधून खर्ज येतच नाही. माझे निम्मे वादळ तिथे गायब असते.

धंद्याची तक्रार एकच करतो आणि पुढे जातो. ध्वनी सर्वांत शेवटी येतो. तोपर्यंत पैसे संपलेले असतात, प्रदर्शनाची तारीख जाहीर झालेली असते, आणि चित्र ‘लॉक’ झाले आहे, म्हणजे आता त्यात काही बदलणार नाही, असे शपथेवर सांगितलेले असते. मग मध्यरात्री फोन येतो, की मध्यंतराआधी फक्त बारा फ्रेम काढल्या आहेत. बारा फ्रेम म्हणजे अर्धा सेकंद. पण त्यानंतरचे सारे काही, शेकडो ट्रॅकवरचे हजारो तुकडे, अर्धा सेकंद मागे सरकवून पुन्हा तपासावे लागतात, आणि जिथे कात्री लागली तिथे नेमका एखादा दरवाजा बंद होत असतो. यावर उपाय नाही. ज्यांना तो सापडला ते बहुधा चित्रपट सोडून दुसरे काही करत असावेत.

गेल्या वर्षी माझ्याकडे एक चित्रपट आला, ज्याचा काळ तीसेक वर्षांपूर्वीचा होता. त्यात एक संध्याकाळ आहे: सात-आठ वर्षांचा मुलगा टीव्हीसमोर मांडी घालून बसला आहे आणि मागे आरामखुर्चीत त्याचे आजोबा पेंगत आहेत. आजोबांना त्रास नको म्हणून मुलाने टीव्हीचा आवाज बंद केला आहे आणि तो नुसतीच हलणारी चित्रे बघतो आहे. कलादिग्दर्शकांनी कुठून तरी काचेचा जुना, चालू स्थितीतला टीव्ही मिळवला होता. सिंक साउंडवर, म्हणजे आवाज तिथल्या तिथेच मुद्रित करत, चित्रीकरण झाले होते आणि मुद्रण इतके चांगले होते की मला फारसे काही करावे लागणार नाही असे वाटले. मी आणि माझी सहायक, चोवीस वर्षांची मुलगी, तो प्रसंग ऐकत होतो. मध्येच तिने कपाळाला आठ्या घातल्या.

“सर, ही शिट्टी ठेवायची आहे?”

“कुठली शिट्टी?”

तिने माझ्याकडे जरा आश्चर्याने पाहिले आणि पुन्हा लावले. मी डोळे मिटून ऐकले. आजोबांचा जड श्वास होता, खुर्चीच्या वेताची करकर होती, बाहेर लांब कुठेतरी सायकलची घंटी होती. आवाज वाढवायला सांगितला. श्वास वाढला, वेत वाढला. तिने एका कानावर हात ठेवला. मग मी स्पेक्ट्रोग्रॅम उघडला, ज्यात आवाज डोळ्यांनी पाहता येतो, आणि अगदी वरच्या अंगाला, बाकीच्या सगळ्या गर्दीपासून दूर, आखणीने मारल्यासारखी एक बारीक सरळ रेघ दिसली. मी ती मोठी करून आकडा वाचला. १५,६२५.

कान कधीतरी खचणार हे मला माहीत होते. इतरांना मीच ते सांगत असतो. पण पुस्तकातले माहीत असणे वेगळे. त्या रेघेकडे मी बराच वेळ पाहत राहिलो, आणि मला मामाची, त्याच्या त्या भिंतीवरच्या उजेडाच्या शंकेची आठवण आली.

“काढू ना, सर? एक फिल्टर लावला की जाईल,” ती म्हणाली. खरे तर काढायलाच हवी होती. संवादांच्या ट्रॅकमध्ये असली शीळ राहिली तर ती दोष म्हणून परत येते, आणि तसा नियमही योग्यच आहे. पण पडद्यावर तो मुलगा होता. मी तिला प्रसंग पहिल्यापासून लावायला सांगितला आणि ठरवले, की मुलाच्या जवळच्या शॉटमध्ये शीळ ठेवायची, अगदी हलकी, आणि चित्र आजोबांवर गेले की ती पूर्ण काढायची. किती हलकी, हे मात्र मी सांगू शकत नव्हतो. फेडर मी तिच्याकडे दिला. तिने दोन-तीनदा मागेपुढे करून पातळी पक्की केली, आणि मग झाले आहे की नाही हे मला कळावे म्हणून मी तिला सांगितले, की शीळ ऐकू येत असेल तोवर एक बोट वर धरून ठेव.

दिवे मंद केले. मी पडद्याकडे न पाहता तिच्या हाताकडे पाहत बसलो. मुलाचा चेहरा आला असणार, कारण तिचे बोट वर गेले. ते बराच वेळ तसेच होते. मग वेत करकरले, आजोबांचा श्वास जवळ आला, आणि तिने बोट खाली घेतले.